डुकरांनंतरची पंगत

१९८९ साली ब्राझीलमध्ये महागाईचा वार्षिक दर हजार टक्क्यांच्या वर गेला होता. त्याच वर्षी जॉर्ज फुर्तादो यांनी ‘इल्या दास फ्लोरेस’, म्हणजे फुलांचे बेट, हा जेमतेम तेरा मिनिटांचा उपरोधिक लघुपट केला. सुरुवातीलाच एक पाटी बजावते, की देव नाही. मग मास्तरी थाटातला निवेदक एका टोमॅटोचा प्रवास सांगतो. सुझुकी नावाचे शेतकरी तो पिकवतात, अत्तरे विकणाऱ्या आनेतेबाई तो विकत घेतात आणि रश्श्याला नालायक म्हणून कचऱ्यात टाकतात. कचरा पोर्तु आलेग्रीजवळच्या बेटावर जातो. तिथे त्यातले बरे ते डुकरांना मिळते. उरलेले वेचायला बायकापोरांना दहा-दहाच्या गटाने, पाच-पाच मिनिटे कुंपणाच्या आत सोडतात. डुकरांना मालक आहे. या माणसांना ना मालक, ना पैसा.

यावरून देव नाही हे ठरते का? मला तसे वाटत नाही. दुष्काळ दाखवला असता तर जगाच्या कर्त्याला जाब विचारता आला असता. इथे टोमॅटो पिकला, बेटापर्यंत पोहोचलाही. तो अडला कुंपणाशी, आणि कुंपण माणसाने घातलेले. ‘माणूसही देवानेच घडवला ना?’ हा आक्षेप वजनदार आहे, त्याचे पुरते उत्तर कोणत्याच धर्माला जमलेले नाही. पण त्याच्या आड लपले, की कुंपण काढण्याची जबाबदारी कुणाचीच उरत नाही. पात्रे कल्पित आहेत म्हणावे, तर युक्तिवाद बाईंच्या खरेपणावर नाही, टोमॅटोच्या वाटेवर उभा आहे.

आपल्याकडच्या पूर्वकर्माच्या उत्तराची तर इथे पुरती पंचाईत होते. पिकवणे पाप नाही, डागी टोमॅटो टाकणे पाप नाही, आपली जनावरे पोसणेही नाही. कर्माचा हिशेब माणसागणिक मांडतात. हे पाप सगळ्यांनी मिळून चालवलेल्या रीतीचे आहे, ते कुणा एकाच्या खात्यावर चढत नाही, भुकेल्याच्या तर नाहीच. कुणी म्हणेल, वैश्वदेवातही माणसांआधी गाय, कुत्रा, कावळ्याचा घास काढतात. काढतात खरे, पण यजमान आपल्या अन्नातून तो काढतो, कावळ्याच्या घासामागे नफ्याचे गणित नसते, आणि दाराशी आलेल्या अतिथीला वाढल्याशिवाय त्याने स्वतः पानावर बसायचे नसते. ती पाटी वाचून उठून जाणाऱ्या आस्तिकाने पुढची मिनिटेही पाहावीत.