कामिक कोळ्याचा प्रश्न

पाथर्डीहून समुद्र गाठायचा तर अख्खे पठार तुडवून सह्याद्री उतरावा लागतो. तालुका पर्जन्यछायेतला, ओढेनाले वर्षातले बरेच महिने कोरडे. तरीही इथल्या बाजारात सुकट आणि बोंबील मिळतात, आणि ते घेणारे बहुतेक हातावर पोट असणारे असतात. वाळलेल्या माशाला बर्फ लागत नाही, मूठभर घेतला तरी भाकरीला चव येते, आणि ऊसतोडीला निघालेल्या कुटुंबाच्या बोचक्यात तो महिनोन्‌महिने टिकतो. जगात अनेक ठिकाणी मासा धुरावर टिकवतात. आपल्या किनाऱ्यावर ते काम ऊन आणि वारा करतात. या सुकटीचे सारण भरून केलेली अंड्याची पोळी हा साधा पदार्थ आहे. सुकट सुपात घोळून कचरा काढायचा, कोरड्या तव्यावर कुरकुरीत होईपर्यंत भाजायची, कोमट पाण्यात एकदा बुडवून पिळून घ्यायची. कांदा, हिरवी मिरची, लसूण तेलात परतून त्यात ती टाकायची, मीठ बेतानेच. मग फेटलेली अंडी तव्यावर पसरायची, वरची बाजू ओलसर असतानाच मधोमध सारण ठेवून पोळी दुमडायची. हे करताना सुकट हातात घेऊन नीट पाहिली तर एक गोष्ट दिसते. सुकट म्हणजे वाळवलेला जवळा; त्यातल्या प्रत्येक जवळ्याला दोन काळे ठिपके असतात, मोहरीहूनही बारीक. ते डोळे आहेत.

प्रश्न या डोळ्यांपाशीच सुरू होतो. एका पोळीत दोन अंडी आणि मूठभर सुकट, म्हणजे शेकडो जीव. हे खाणाऱ्याकडे हिंसेचा किती वाटा येतो? आपल्याकडे यावर दोन उत्तरे तयार असतात. अंड्याबद्दल म्हणतात, त्यात जीवच नाही. सुकटीबद्दल म्हणतात, ती केव्हाच मेलेली, आपण कुठे मारली? पहिल्या उत्तराचा आधार जीवशास्त्र, दुसऱ्याचा आधार अंतर. मला ही दोन्ही उत्तरे कच्ची वाटतात. खाणे निषिद्ध आहे असे मी म्हणत नाही. पण ज्या निर्दोषपणाचा दावा ही उत्तरे करतात, तो कोणत्याच ताटाला मिळत नाही. धर्माचा खरा प्रश्न निर्दोष कसे ठरावे हा नसून आपला वाटा ओळखून मर्यादा कुठे घालावी हा आहे.

आधी अंडे. पोल्ट्रीतल्या अंडी देणाऱ्या कोंबड्यांजवळ कोंबडा नसतो, त्यामुळे बाजारातले अंडे फळलेले नसते, त्यातून पिल्लू निघूच शकत नाही. हे खरेच आहे. पण ज्या अंड्याला आपण जास्त शुद्ध मानतो आणि जास्त पैसे मोजून घेतो, त्या गावरान अंड्याचे काय? परसात कोंबडा मोकळा फिरत असतो, त्यामुळे ते अंडे फळलेले असण्याची शक्यता मोठी. ‘जीव नाही’ हाच निकष लावला तर गावरान अंडे टाकावे लागेल आणि पिंजऱ्यातल्या कोंबडीचे घ्यावे लागेल. त्या पिंजऱ्यामागे आणखी एक गोष्ट आहे. अंडी देणाऱ्या जातीतले नर पिल्लू उद्योगाला नको असते, कारण ते अंडीही देत नाही आणि मांसासाठी पुरेसे वाढतही नाही. म्हणून ते बहुधा जन्माच्या पहिल्याच दिवशी मारले जाते. म्हणजे अंड्याच्या आत मृत्यू नाही, पण अंड्याच्या मागे आहे. कायदाही या गोंधळातून सुटलेला नाही. पाकिटावरच्या हिरव्या-तपकिरी खुणेच्या नियमात अंडे मांसाहारी आणि दूध मात्र वगळलेले, दोन्ही प्राण्यांपासूनच येत असूनही. बाजारासाठी ही सोय ठीक आहे. तिला धर्मनिर्णयाचे वजन देता येत नाही.

आता अंतराचे उत्तर. त्याला मोठा आधार बौद्ध परंपरेत सापडतो. जीवक सुत्तात बुद्धांनी भिक्षूला असे मांस चालेल म्हटले आहे, जे आपल्यासाठी मारल्याचे त्याने पाहिले नाही, ऐकले नाही आणि ज्याबद्दल त्याला तशी शंकाही नाही. पण ही सवलत भिक्षापात्रात पडेल ते खाणाऱ्यासाठी आहे. भिक्षू मागणी नोंदवत नाही. बाजारात पावशेर सुकट मागणारा मात्र नोंदवतो, आणि त्या मागणीसाठीच उद्याचे जाळे पडते. मनुस्मृतीचा पाचवा अध्याय हे फार स्पष्टपणे पाहतो: संमती देणाऱ्यापासून कापणारा, विकत घेणारा, विकणारा, शिजवणारा, वाढणारा आणि खाणारा, अशा सगळ्यांना तो घातकांच्या ओळीत बसवतो. त्याच अध्यायात पुढे मांस खाण्यात दोष नाही, पण निवृत्तीचे फळ मोठे, असेही येते. या विसंगतीवर पंडितांनी पुष्कळ शाई खर्च केली. मला ती विसंगती वाटत नाही. वाटा सगळ्यांचा आहे हे एक विधान, आणि वाटा असूनही माणूस पतितच ठरतो असे नाही हे दुसरे. दोन्ही एकदम खरी असू शकतात.

पाथर्डीत हा विचार जैन परंपरेला वगळून करताच येणार नाही. आचार्य आनंदऋषी (1900–1992) याच तालुक्यातल्या चिचोंडीचे, आणि पाथर्डीचे तिलोकरत्न जैन धार्मिक परीक्षा बोर्ड त्यांच्याच प्रेरणेचे. जैन विचारात हिंसा करणे, करवून घेणे आणि तिला अनुमोदन देणे या तिन्हींचा हिशेब होतो. तिथे ‘आपण कुठे मारली’ याला जागाच नाही. सूत्रकृतांगात हत्तितापसांचा प्रसंग आहे. हे तापस वर्षाला एक हत्ती मारून त्यावर जगत आणि म्हणत, आम्ही एकच जीव घेतो, तुम्ही धान्य खाऊन कितीतरी घेता. त्यांच्याशी वाद घालणारा आर्द्रकुमार हा युक्तिवाद मान्य करत नाही. सुकटीच्या मुठीपुढे हा वाद उलटा होऊन उभा राहतो. बोकडाच्या एका जिवात गावाची पंगत उठते, आणि जवळ्याच्या शेकडो जिवांत एका माणसाची न्याहारी. नुसते जीव मोजायचे तर सुकट बोकडापेक्षा कितीतरी मोठे पाप ठरेल. ते आपल्या मनाला पटत नाही, आणि न पटणे योग्यच आहे, कारण जिवांना इंद्रिये किती, वेदना किती, हेही पाहावे लागते. पण मग लहान जीव म्हणजे शून्य जीव, असेही म्हणता येत नाही. ते दोन काळे ठिपके शून्य नाहीत.

यावर जैन बाजूने सरळ आक्षेप येईल: वाटा कबूल आहे तर सोडून का देत नाही? कबुली देऊन खात राहणे ही पळवाटच नव्हे का? आक्षेप वजनदार आहे. जो सोडतो त्याचा मार्ग अधिक पूर्ण आहे, हे मी मान्य करतो. पण त्याच परंपरेने साधूला महाव्रत आणि गृहस्थाला अणुव्रत दिले. म्हणजे पायऱ्या मानल्या, आणि खालच्या पायरीवरच्या माणसाला धर्माबाहेर टाकले नाही. कबुली पळवाट तेव्हा ठरते, जेव्हा तिच्यानंतर ताटात काहीच बदलत नाही.

दुसरा आक्षेप भुकेचा आहे, आणि तो इथल्या डोंगरातल्या नाथांच्या कथेतच आधीपासून बसलेला आहे. पाथर्डी तालुक्यात मढीला कानिफनाथ. तिथून जवळच, आष्टी तालुक्यातल्या सावरगावी मायंबाला मच्छिंद्रनाथ. मढीच्या पुण्यपुरुषाला मुस्लिम भाविकांनी शाह रमजान माहीसवार म्हटले; माही म्हणजे मासा, माहीसवार म्हणजे माशावर स्वार झालेला. समुद्रापासून इतक्या दूरच्या डोंगरात मासा हा असा दोन्हीकडून देवळात आला आहे. धुंडीसुत मालूच्या नवनाथ भक्तिसारात (शके 1741) मच्छिंद्राचा जन्म माशाच्या अंड्यातून होतो. मासोळी यमुनेच्या काठावर अंडे टाकते, बगळे ते फोडतात, आतून मूल रडते आणि कामिक नावाचा कोळी ते घरी नेतो. पोर पाच वर्षांचे झाल्यावर कामिक त्याला मासेमारीला बरोबर नेतो. बाप जाळे टाकतो, धरलेले मासे पोराच्या हवाली करतो, आणि पोर तडफडणारे मासे पुन्हा पाण्यात सोडून देते. बाप संतापतो: मासे सोडलेस तर खाशील काय, भीक मागणार का? पोर भीक मागायला निघून जाते.

कीर्तनात या कथेचा कौल पोराच्या बाजूने पडतो. मला कामिकाच्या प्रश्नापाशी थांबावेसे वाटते, कारण तो मूर्ख प्रश्न नाही. पोरगे सोडून जाते, पण कामिकाच्या घरची चूल त्या संध्याकाळी पेटायची असतेच. आणि भिक्षेच्या झोळीत जे पडते, तेही कोणीतरी पिकवलेले, कांडलेले, शिजवलेले असते. झोळी माणसाला हिशेबाबाहेर काढत नाही. तरीही मच्छिंद्राने केलेली एक गोष्ट खोडता येत नाही: त्याने तडफड पाहिली. तत्त्वार्थसूत्र हिंसेच्या व्याख्येतच प्रमाद, म्हणजे बेसावधपणा, घालते. त्या अर्थाने न पाहता खाणे हीच पहिली हिंसा, आणि ती शाकाहारी ताटातही होऊ शकते. दूध पिताना वासराचा विचार न करणारा माणूस सुकट भाजणाऱ्या बाईकडे बोट दाखवतो, तेव्हा त्याच्या हातून नेमके हेच घडत असते. 2023च्या नोव्हेंबरात राज्याने शाळेच्या पोषण आहारात आठवड्यातून एक अंडे द्यायचे ठरवले, न खाणाऱ्यासाठी केळे ठेवले. पुढे 2025च्या जानेवारीत त्या अंड्याचा निधी थांबला. त्या वादात अंड्यात जीव आहे की नाही यावर लोक हिरिरीने बोलले. समोर बसलेल्या पोराचे काय, हा कामिकाचा प्रश्न मात्र फार थोड्यांनी विचारला. ज्याच्यापुढे पर्याय नाही, त्याच्याकडून व्रताची अपेक्षा करणे हा धर्म नाही. ज्याच्यापुढे पर्याय आहेत, त्याच्यावर मात्र हा प्रश्न पूर्ण वजनाने येतो: डाळ परवडत असताना, सोयाबीन घरचे असताना, केवळ चवीसाठी किती मुठी?

मर्यादा कशी घालायची, हे मढीच्या गावकऱ्यांना ठाऊक आहे. होळीपासून भरणाऱ्या नाथांच्या यात्रेआधी गाव महिनाभर तळण वर्ज्य करते, लग्नकार्य काढत नाही. त्या दिवसांत बाहेरगावच्या तव्यावर काय चालले आहे, याची चौकशी या व्रतात नाही. बंधन पाळणाऱ्याने ते स्वतःवर घातलेले असते आणि ते कधी सुटणार हेही ठरलेले असते. सुकट सुपात घोळताना, कचरा वेचता वेचता ते काळे ठिपके ज्याला दिसले, त्याने आपल्या घरापुरता असा एखादा महिना, एखादा वार ठरवावा, आणि उरलेल्या दिवशी पोळी दुमडताना मूठ आधी उघडून पाहावी.