गरज वाटल्यास

पनवेल आता नवी मुंबई पोलीस आयुक्तालयात. स्वसंरक्षणासाठी बंदुकीचा परवाना हवा तर अर्ज आयुक्तांकडे. धोका कसला, ते पटवून द्यायचं. म्हणजे आधी मार खा, मग कागद आण.

गंमत बघा. १९५९ चा शस्त्र कायदा सांगतो, पुरेशी मालमत्ता नाही एवढ्यावरून परवाना नाकारू नये. १९९५ चे अत्याचार प्रतिबंधक नियम आणखी पुढं जातात: अत्याचारप्रवण भागात गरज वाटल्यास इतरांचे परवाने रद्द करा, गरज वाटल्यास दलित-आदिवासींना द्या.

वाटल्यास! कुणाला? ज्याच्या दारावर थाप पडते त्याला नव्हे, सरकारला. २००६ मध्ये खैरलांजीत भोतमांगेंच्या घरातली चार माणसं मारली गेली, तेव्हाही हे नियम होतेच.

मला बंदूक नकोय. चालून आलेलं गाव एका नळीनं थांबत नाही, आणि पिऊन आलेल्या नवऱ्याच्या हाती ती पडली तर? महाडला २० मार्च १९२७ ला आपली माणसं मार खाऊन आली, बाबासाहेबांनी त्यांना आवरलं. तो संयम आपण ठरवलेला. अर्ज फेटाळून लादलेला तो संयम कसा?

नकाराचं कारण लेखी मागता येतं म्हणे. तेही लोकहिताचं नाही असं साहेबांना वाटलं, की मिळत नाही.