आमिरसाठी उचललेलं घमेलं

‘ते काय, आमिर खान येणार म्हणून खणत होते.’ २०१६च्या वॉटर कपचा विषय निघाला की अंबाजोगाईत कुणीतरी हे वाक्य टाकतंच. सूर असा, की हेतूत भेसळ निघाली म्हणजे कामाचीही किंमत उतरली. मला हे पटत नाही.

तो उन्हाळा आठवा. मांजरा धरण कोरडंठाक, शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी. त्याच वर्षी आमिर, किरण राव आणि सत्यजित भटकळ यांनी पाणी फाउंडेशन काढलं. पहिल्या स्पर्धेला राज्यातले तीनच तालुके होते, वरुड, कोरेगाव आणि आमचा अंबाजोगाई. मोजक्या गावकऱ्यांना प्रशिक्षण, मग पंचेचाळीस दिवस श्रमदान. पहिलं बक्षीस कोरेगावातल्या वेळूला गेलं, ते असो.

चर खणणाऱ्याच्या मनात आमिर होता की आजोबा, हे पावसाला कळत नाही. चर बरोबर आखला असेल तर पाणी थांबतं. आणि चाहता असणं ही काही हलकी गोष्ट नव्हे. वारीत माणूस विठ्ठलाच्या ओढीनं चालतो, वाटेत दुसऱ्याचं ओझंही उचलतो. त्या उचलण्याला कुणी खोटं म्हणत नाही.

मला खटकतं ते वेगळंच. भटकळ मुळात सिनेमावाले. ‘लगान’ कसा बनला यावरचा ‘चले चलो’ हा माहितीपट त्यांचा, ‘सत्यमेव जयते’चं दिग्दर्शनही त्यांचं. म्हणजे खणायला सांगणारे आणि खणण्याची गोष्ट ‘तुफान आलंय’मधून टीव्हीवर दाखवणारे एकच. माहितीपटवाल्यानं बाजू घेऊ नये, असं मी म्हणत नाही. आनंद पटवर्धनांनी ‘जय भीम कॉम्रेड’साठी १४ वर्षं चित्रीकरण केलं, तेही बाजू घेऊनच. पण तिथं प्रश्न सत्तेला होते. इथं ते स्वतःच उभ्या केलेल्या कामाला विचारायचे, आणि ते अवघड जातं.

प्रश्न हा, की पाणी कुणाचं झालं? आपल्याकडे जमीन ज्याची, खालचं पाणी त्याचं, असाच व्यवहार. चर गावानं मिळून खणायचे, मुरलेलं पाणी मात्र ज्याची विहीर किंवा बोअर, त्याच्या मोटारीनं वर यायचं. बीडमधून दरवर्षी लाखो माणसं ऊसतोडीला जातात. कारखान्याचे पट्टे पडल्यावर परतलेल्या एखाद्या भूमिहीन बाईनं घमेली वाहिली, तर तिला काय मिळालं? हंडा जवळ आला असेल. ते कमी नाही. पण तिच्या घामावर दुसऱ्याची बागायत वाढली आणि दिवाळीनंतर तिचा कोयता सुटला नाही, तर ही गोष्ट कुणी दाखवायची?

दूर बसलेल्या टीकाकारानं हे विचारलं तर लोक त्याला गप्प करतात, ‘तू किती खणलंस?’ म्हणून. खणलेल्या चाहत्याला तसं म्हणता येत नाही. त्यानंच विचारायला हवं, असं मी गावात एकदा म्हणालो. एक मित्र म्हणाला, ‘अरे, हेही दाखवलं तर पुढच्या वेळी खणायला कोण येईल?’

मी म्हटलं, ती बाई येईल का, तेही बघ.