छत्तिसावं राज्य

अमेरिकेत टेनेसी राज्याच्या पूर्व भागात नायोटा नावाचं लहानसं गाव आहे. तिथं एक विधवा बाई राहत होती. तिचा नवरा गावच्या रेल्वे स्टेशनात नोकरीला होता. १९१६ साली तो वारला. मागं शेत राहिलं, गडीमाणसं राहिली, मुलं राहिली. बाई शिकलेली होती. दिवसभर शेताचं बघायची आणि उसंत मिळाली की वर्तमानपत्र उघडून बसायची. तिचं नाव फेब बर्न.

१९१८ साली तिचा मुलगा हॅरी राज्याच्या विधानमंडळात निवडून गेला. गावच्या पुरुषांनी मतं दिली आणि पोरगा राजधानीला गेला. आईला मात्र आपल्या पोटच्या पोरालाही मत देता आलं नाही. वाचता न येणाऱ्या गड्याला मत आहे आणि आपल्याला नाही, हे तिला खुपत असे. पण तिनं त्याचा गवगवा केला नाही. वर्तमानपत्र वाचत राहिली.

ही सल तिच्या एकटीची नव्हती. सेनेका फॉल्स नावाच्या गावी १८४८ साली बायकांच्या हक्कांसाठी पहिली मोठी सभा भरली होती. मताचा हक्क मागणाऱ्या जाहीरनाम्यावर तिथं शंभर जणांनी सह्या केल्या. पुढं १८७८ साली घटनादुरुस्तीचा मसुदा काँग्रेसपुढं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेपुढं, आला. तो नाकारला गेला, पुन्हा आला, पुन्हा नाकारला गेला. मागणाऱ्या बायका म्हाताऱ्या झाल्या, एकेक करून गेल्या. मसुद्याचे शब्द मात्र तेच राहिले. अखेर ४ जून १९१९ रोजी सिनेटनं तो दोन तृतीयांश मतांनी मंजूर केला. खालच्या सभागृहानं आधीच होकार दिला होता.

तरी तेवढ्यानं काम भागत नव्हतं. अमेरिकेची घटना बदलायला राष्ट्राध्यक्षाची सही लागत नाही, राज्यांचा होकार लागतो. तोही तीन चतुर्थांश राज्यांचा. तेव्हा राज्यं होती ४८, म्हणजे ३६ हवी होती. प्रत्येक राज्यानं आपल्या विधानमंडळात ठराव मांडायचा, मतं घ्यायची आणि निकाल वॉशिंग्टनला कळवायचा. देशाच्या अर्ध्या माणसांचा हक्क असा दारोदार फिरत होता.

सहा दिवसांत तीन राज्यांनी होकार दिला. मग दहा झाली, वीस झाली. १९२० च्या मार्चअखेर ३५ राज्यं झाली आणि गाडी अडली. दक्षिणेतली राज्यं एकामागून एक नाही म्हणत होती. व्हरमाँट आणि कनेटिकटचे राज्यपाल अधिवेशनच बोलवायला तयार नव्हते. जूनमध्ये डेलावेअरनं नकार दिला. नोव्हेंबरात राष्ट्राध्यक्षाची निवडणूक होती. एक राज्य हवं होतं, आणि आशा धरावी असं एकच दिसत होतं, टेनेसी.

राज्यपालांनी ऑगस्टमध्ये खास अधिवेशन बोलावलं. नॅशव्हिल शहरात उन्हाळा रणरणत होता. देशभरातून माणसं तिथं गोळा झाली. चळवळीच्या पुढारी कॅरी चॅपमन कॅट एका हॉटेलात मुक्काम ठोकून होत्या. बाजूनं असणाऱ्यांनी छातीवर पिवळं गुलाब लावलं, विरोधकांनी तांबडं. विरोधकांतही बायका होत्या, आणि त्याही तळमळीनं बोलत होत्या. कोण कुठल्या बाजूला आहे ते फुलांवरून मोजलं जाई. १३ तारखेला टेनेसीच्या सिनेटनं २५ विरुद्ध ४ मतांनी ठराव मंजूर केला. आता उरलं प्रतिनिधी सभागृह.

हॅरी त्या सभागृहातला सगळ्यांत लहान सभासद होता. वय २४. त्याच्या भागातले वजनदार लोक ठरावाच्या विरुद्ध होते आणि त्याची स्वतःची निवडणूक दोन-अडीच महिन्यांवर आली होती. त्याच्या कोटावर तांबडं गुलाब होतं.

इकडं नायोटात आई रोज वर्तमानपत्र धुंडाळत होती. त्यांच्याच भागातल्या एका सिनेटरचं कडवट भाषण तिनं वाचलं. मुलगा काय म्हणाला ते मात्र कुठंच सापडेना. मग तिनं कागद घेतला. पावसापाण्याचं लिहिलं, घरचं लिहिलं, कोण आलं गेलं ते लिहिलं. आणि त्यातच, जाता जाता सांगावं तसं, लिहिलं की बायकांच्या बाजूनं मत दे, लोकांना ताटकळत ठेवू नकोस. तू कुठल्या बाजूला आहेस हे मी पेपरात बघतेय, अजून काही दिसलं नाही, असंही लिहिलं. चांगल्या मुलासारखा वाग आणि कॅटबाईंना मदत कर, एवढं सांगून पत्र टपालात टाकलं.

ते पत्र हॅरीच्या हाती पडलं १८ ऑगस्टला. त्याच दिवशी मतदान होतं. त्यानं ते वाचलं आणि खिशात ठेवलं.

सभागृहात ९६ जण हजर होते. सभापती विरोधकांचे होते. ठरावावर मतच घेऊ नये, तो बाजूला सारावा, अशी सूचना त्यांनी मांडली. ती मंजूर झाली असती तर सगळं तिथंच संपलं असतं. नावं पुकारली गेली. हॅरीनं ठराव बाजूला सारण्याच्या बाजूनं मत दिलं. विरोधकांचा हिशेब पक्का होता. पण त्यांच्या हिशेबातले एक सभासद, बँक्स टर्नर, त्यांच्याबरोबर गेले नाहीत. मतं पडली ४८ विरुद्ध ४८. सभापतींचा विश्वास बसेना. नावं पुन्हा पुकारली गेली. मधल्या वेळात सभापती टर्नर यांच्याशेजारी जाऊन बसले, खांद्यावर हात ठेवून कुजबुजू लागले. टर्नर यांचं नाव आलं तेव्हा ते क्षणभर थांबले. मग उठून म्हणाले, माझं मत सूचनेच्या विरुद्ध नोंदवा. पुन्हा ४८ विरुद्ध ४८. सूचना पडली.

आता मूळ ठरावावर मतदान. सगळ्यांनी धरून चाललं होतं की इथंही बरोबरी होणार, आणि बरोबरी म्हणजे ठराव नामंजूर. कारकुनानं यादी वाचायला घेतली. हॅरीचं नाव वरच्या वरच आलं. तांबडं गुलाब लावलेल्या त्या पोरानं एवढंच म्हटलं, हो.

काही जणांना ते नीट ऐकूही आलं नाही. यादी पुढं सरकली. ४९ विरुद्ध ४७. सज्ज्यातून पिवळ्या पाकळ्या उधळल्या गेल्या.

मग राग उसळला. पोरानं पैसे खाल्ले, असा बोभाटा झाला. दुसऱ्या दिवशी हॅरीनं सभागृहात निवेदन केलं. बायकांना मताचा हक्क असावा असं मला वाटतं, तो मिळवून देण्याची संधी आयुष्यात पुन्हा येत नाही, आणि मुलानं आईचा सल्ला मानणं कधीही सुरक्षित, असं त्यानं सांगितलं. इकडं लुइझियानाच्या एका माजी राज्यपालाची पत्नी थेट नायोटाला गेली. हे पत्र माझं नव्हे असं आईनं लिहून द्यावं, म्हणून तिनं पिच्छा पुरवला. आई बधली नाही. पत्र माझंच आहे आणि त्यातला शब्द न् शब्द मला मान्य आहे, असं तिनं नॅशव्हिलला कळवलं.

सभापतींनी अजून हार मानली नव्हती. फेरविचाराची मागणी जिंकलेल्या बाजूच्या सभासदालाच करता येते, म्हणून त्यांनी आपलं ‘नाही’ बदलून ‘हो’ केलं. त्यामुळं होकार ५० झाले. सभासद होते ९९, म्हणजे नुसत्या हजर असलेल्यांतलं नव्हे तर सगळ्या सभागृहातलं बहुमत ठरावामागं उभं राहिलं. तीसेक विरोधक गणसंख्या मोडावी म्हणून रात्रीतून शेजारच्या अलाबामा राज्यात निघून गेले. त्यानंही काही झालं नाही. २४ ऑगस्टला राज्यपालांनी सही केली. २६ तारखेला भल्या सकाळी कागद वॉशिंग्टनला पोचले आणि परराष्ट्रमंत्री बेनब्रिज कोल्बी यांनी घरीच बसून त्यावर सही केली. फोटो नाही, समारंभ नाही, चळवळीतली एकही बाई शेजारी नाही. स्त्री आहे एवढ्या कारणानं कुणाचा मताचा हक्क नाकारता येणार नाही, हे तेव्हापासून घटनेत आलं. नोव्हेंबरात बायकांनी मतं दिली. हॅरीही पुन्हा निवडून आला.

ही गोष्ट सांगणारे बहुतेक जण इथं थांबतात. एका आईच्या पत्रानं इतिहास बदलला, असं म्हणतात. ते खोटं नाही. पण मला वाटतं, ही गोष्ट त्याहून मोठी आहे. बँक्स टर्नर यांनी दोनदा नाही म्हटलं नसतं, तर हॅरीला हो म्हणायची वेळच आली नसती. त्यांचं नाव आज फारसं कुणाला माहीत नाही. आधीची ३५ राज्यं झाली नसती, तर टेनेसी छत्तिसावं ठरलं नसतं. त्या ३५ राज्यांत किती आयांनी किती मुलांना काय सांगितलं, त्याची नोंद कुणी ठेवली नाही. ज्यांचं मत गणतीत शेवटचं आलं, त्यांचीच आठवण राहिली.

आणि नंतर आलेलेही फुकट गेले नाहीत. कनेटिकटनं सप्टेंबरमध्ये होकार दिला, व्हरमाँटनं १९२१ च्या फेब्रुवारीत. तेव्हा लोक म्हणाले असतील, आता याची गरज काय? पुढं हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. टेनेसी आणि वेस्ट व्हर्जिनियाची मान्यता नियमाला धरून नाही, ती धरू नका, असं विरोधकांचं म्हणणं होतं. १९२२ साली न्यायालयानं ते फेटाळलं. निकालात एक गोष्ट नमूद केली: या दोन राज्यांनंतर कनेटिकट आणि व्हरमाँट यांचीही मान्यता आली आहे, तेव्हा ती दोन वगळली तरी कदाचित फरक पडणार नाही. उशिरा आलेल्यांनी आधीच्यांची पाठ राखली होती.

हक्क असाच मिळतो. कुणा एकाच्या हातून तो पुरा होत नाही, आणि कागदावर उतरला म्हणून प्रत्येकीच्या हातात पडतो असंही नाही. दक्षिणेतल्या काळ्या बायकांना त्याच घटनेखाली हक्क होता, तरी परीक्षा, कर आणि धाकदपटशा यांच्या भिंती उभ्या करून त्यांना मतपेटीपासून दूर ठेवलं गेलं. त्या भिंती पाडणारा मतदान हक्क कायदा यायला १९६५ साल उजाडलं.

मिसिसिपीनं १९२० साली ही दुरुस्ती नाकारली होती. कायद्याच्या दृष्टीनं पुढं त्या राज्याच्या होकाराची काहीच गरज उरली नव्हती. तरी २२ मार्च १९८४ रोजी मिसिसिपीच्या विधानमंडळानं होकार नोंदवला, आणि तेव्हाच्या ४८ राज्यांतलं शेवटचं राज्यही यादीत आलं.