दाखवणाऱ्याचे नाव

अकोटला माझ्या एका मित्राचे कृषी सेवा केंद्र आहे. दुकानाच्या भिंतीवर कपाशीवरील किडींचा रंगीत तक्ता टांगलेला आहे आणि त्यात लाल ढेकण्याच्या चित्राखाली ‘डिस्डर्कस कोएनिगी’ असे छापलेले आहे. मित्र कृषी पदवीधर आहे. ही नावे त्याने परीक्षेसाठी पाठ केली आणि नंतर सोडून दिली. यंदा वेचणीच्या दिवसांत मी तिथे बसलो असताना त्या चित्राकडे बोट दाखवून तो एकदम म्हणाला, “कोएनिग म्हंजे माणसाचंच नाव हाय ना? मंग मले सांग, त्या माणसानं जिंदगीत एक तरी बोंड येचलं असंन काय?”

त्याच्या आवाजात राग होता आणि तो राग मला पटला. लाल ढेकण्या उमललेल्या बोंडात शिरतो आणि सरकीतला रस शोषतो. सरकीचे तेल घटते, उगवण घटते, आणि कापसाबरोबर तो जिनात चिरडला गेला की रुईला डाग पडतात. भाव कोणाचा पडतो, तर इथल्या माणसाचा. मग त्या किड्यावर नाव दुसऱ्याच कोणाचे का, हा प्रश्न मला सोडवेना. मित्राची मागणी सरळ होती. माणसांची नावे सगळ्या जिवांवरून काढून टाकावीत. रंगावरून, खोडीवरून, पिकावरून नावे द्यावीत. लिहायला बसलो तेव्हा मीही साधारण त्याच मताचा होतो.

लिनियस, दोन शब्दांचे नाव, पहिला शब्द कुळीचा आणि दुसरा त्या जातीचा, हे शाळेत सगळ्यांचे झालेले आहे. प्राण्यांच्या नावांची मोजणी त्याच्या १७५८ च्या ग्रंथापासून सुरू होते आणि आधी दिलेले नाव नंतरच्यावर मात करते, एवढे ध्यानात ठेवले की पुरे.

आता कोएनिग. योहान गेरहार्ड कोएनिग १७२८ मध्ये आजच्या लाटव्हियात जन्मला. काही काळ तो लिनियसकडे शिकला, आणि तमिळ किनाऱ्यावरच्या तरंगमबाडीत डेन्मार्कच्या मिशनचा डॉक्टर म्हणून आला. रोगी तपासता तपासता झाडे आणि किडे गोळा करण्याचा त्याला ध्यास लागला. १७७४ मध्ये तो अर्काटच्या नबाबाकडे निसर्गतज्ज्ञ म्हणून लागला, १७७८ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीकडे. १७७९ मध्ये त्याने वाळवीवर निबंध छापला. तंजावरकडची वारुळे त्याने बारकाईने पाहिलेली होती. १७८५ मध्ये काकीनाड्याजवळ हगवणीने तो वारला. वय ५६. परत गेलाच नाही.

त्याने भारतातून पाठवलेले कीटक फाब्रिसियस या डॅनिश पंडिताच्या हाती पडत. हाही लिनियसचाच शिष्य. याने भारत पाहिला नव्हता. पेटीतून आलेले मेलेले किडे भिंगाखाली धरून त्याने हजारो जातींची वर्णने लिहिली. १७७५ च्या ग्रंथात त्याने या लाल किड्याला कोएनिगचे नाव दिले. पुढे कुळी बदलली, पहिला शब्द बदलून ‘डिस्डर्कस’ झाला, पण ‘कोएनिगी’ राहिला. म्हणून तर तज्ज्ञ हे नाव पूर्ण लिहितात तेव्हा शेवटी फाब्रिसियसचे नाव कंसात येते. कंस आहे याचा अर्थ कुळी नंतर बदलली.

इथे मला एक भेद फार महत्त्वाचा वाटतो, आणि मी त्याकडे पुन्हा पुन्हा येणार आहे. या नावाभोवती दोन माणसे उभी आहेत. एक वर्णन करणारा, एक पाठवणारा. वर्णन करणाऱ्याला कंसातली जागा नियमानेच मिळते, ती कोणी त्याला भेट देत नाही. पाठवणाऱ्याला मात्र नियमाने काहीच मिळत नाही. त्याने उन्हातान्हात जीव गोळा केले, सुकवले, टोचले, जहाजावर चढवले, आणि कागदावर त्याचा मागमूस राहिला नसता. नावातला दुसरा शब्द त्याच्यासाठी कोणीतरी आपणहून मोकळा केला. म्हणून ‘कोएनिगी’ हे मला ऋणाचे नाव वाटते. बोंड वेचले नसेल, पण बोंडातला किडा त्याने उचलून पाहिला होता.

मित्राला हे सांगितले. तो म्हणाला, ऋणाचे असेल, पण त्यातून मला काय कळते? गुलाबी बोंडअळी पाहा. ‘पेक्टिनोफोरा गॉसिपिएला’. ‘गॉसिपियम’ म्हणजे कपाशी. नावातच पीक आले. भडोचच्या कपाशीवरचे नमुने पाहून १८४४ मध्ये साँडर्सने हे नाव दिले. असे नाव हवे.

हे उदाहरण त्याने नेमके निवडले होते, कारण ते चपखल बसते. पण त्याच तक्त्यावर खाली पाहिले तर? पांढरी माशी, ‘बेमिसिया टॅबॅसाय’. नाव तंबाखूवरून, कारण १८८९ मध्ये ग्रीसमध्ये ती तंबाखूवर सापडली. वऱ्हाडातल्या शेतकऱ्याला ती कपाशीवर छळते. पिठ्या ढेकूण, ‘फेनॅकोकस सोलेनॉप्सिस’. नाव मुंगीवरून, कारण १८९८ मध्ये अमेरिकेतल्या न्यू मेक्सिकोत तो मुंग्यांच्या वारुळात सापडला. शंभरेक वर्षांनी तो आपल्या कपाशीवर उतरला तेव्हा त्या नावातून शेतकऱ्याला काय कळले? वर्णनाचे नाव पहिल्या भेटीचे असते. पहिल्याने ज्याने जिथे पाहिले, तेवढेच ते सांगते. तेही एका माणसाचीच आठवण ठेवते, फक्त त्या माणसाचे नाव लपवते.

यावर मित्राने उत्तर दिले नाही. तो गिऱ्हाइकाकडे वळला. त्याची बाजू कमकुवत आहे असे मला म्हणायचे नाही. २०२३ मध्ये काही संशोधकांनी एका नामांकित नियतकालिकात हेच मांडले, की एकविसाव्या शतकात जिवांना माणसांची नावे देणे थांबवावे, कारण त्या नावांत साम्राज्याचे ओझे आहे. त्याच वर्षी प्राणिनामांच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने उलट बाजू घेतली: जुनी नावे नैतिक कारणांसाठी बदलू लागलो तर जगभरच्या नोंदींचा धागा तुटेल. स्लोव्हेनियातल्या गुहांमध्ये राहणाऱ्या एका आंधळ्या भुंग्यावर १९३७ पासून हिटलरचे नाव आहे, आणि ते आजही आहे. त्या नावाच्या हव्यासाने संग्राहक त्या भुंग्याच्या जिवावर उठले आहेत. हे नाव ऋणाचे नाही. हा नजराणा आहे. नजराण्याच्या नावाचा मला तिटकारा आहे, मग ते हुकूमशहाचे असो, धनिकाचे असो की पाठीराख्याचे. या भेदावर मित्राचे आणि माझे एकमत आहे. तो सगळी नावे एकाच तागडीत टाकतो, तिथे मी अडतो.

तक्त्याबाहेरचे एक उदाहरण. ब्रॅकॉन नावाच्या कुळीतली एक बारीक गांधीलमाशी बोंडअळीच्या अंगावर अंडी घालते आणि तिची पिल्ले ती अळी खाऊन टाकतात. १९१४ मध्ये तिचे नाव ठेवले ‘लेफ्रॉयी’. हॅरोल्ड मॅक्सवेल-लेफ्रॉय बिहारमधल्या पुसा येथे सरकारी कीटकशास्त्रज्ञ होता. भारतातल्या कीटकांवरचा त्याचा जाडजूड ग्रंथ १९०९ मध्ये निघाला. १९२५ मध्ये लंडनमध्ये कीटक मारण्याच्या विषारी वायूवर प्रयोग करताना तो मेला. मित्राला मी एवढेच विचारले, हे नाव काढून टाकून तिथे ‘छोटी काळी’ असे काहीतरी लिहिले, तर तुझ्या कपाशीचे कोणते भले होईल? किडींच्या अभ्यासात ज्यांनी आयुष्य घालवले त्यांच्यातले एक नाव गेले, एवढेच.

थोडे आडवळण घेतो, कारण अकोटकडून सातपुड्याच्या पायथ्याला जाताना संत्र्याच्या बागा लागतात आणि मला त्या बागांतले फुलपाखरू आठवल्याशिवाय राहत नाही. संत्र्याच्या कोवळ्या पानांवर आधी पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी आणि मोठी झाल्यावर हिरवीगार होणारी अळी असते. तिचे पुढे काळे-पिवळे फुलपाखरू होते. त्याचे नाव ‘पॅपिलिओ डेमोलियस’. डेमोलियस हा ट्रॉयच्या युद्धातला ग्रीक योद्धा. लिनियसने या मोठ्या फुलपाखरांना ट्रॉयच्या युद्धातल्या दोन्ही बाजूंच्या वीरांची नावे वाटून टाकली होती. आपल्या महाराष्ट्राचे २०१५ पासूनचे राज्य फुलपाखरू नीलवंत, त्यालाही पॉलिम्नेस्टर या थ्रेसच्या राजाचे नाव पुढे एका डच माणसाने दिले. ही नावे वर्णनाचीही नाहीत आणि ऋणाचीही नाहीत. पाठांतरातून आलेली आहेत, आणि तरीही सुंदर आहेत. हीच डेमोलियसची अळी घरामागच्या गोडलिंबावरही येते. गोडलिंबाचे शास्त्रीय नाव पुस्तकांत ‘मुराया कोएनिगी’. पुन्हा तोच कोएनिग. म्हणजे वऱ्हाडातल्या घरोघरी फोडणीत जे पान तडतडते त्यावर आणि शेतात जो किडा सरकी शोषतो त्यावर, दोन्हींवर एकाच परागंदा डॉक्टरची सही आहे.

पण ‘सही’ हा शब्द लिहिला आणि मी थांबलो. कोएनिगने गोडलिंब शोधला नव्हता. तमिळ घरांत तो रोजच्या जेवणात होता. कोणीतरी बाईने किंवा पोराने त्याला ते झाड दाखवले असणार, पान चुरगाळून वास घ्यायला दिला असणार. लाल ढेकण्याही कपाशीच्या रानात कोणीतरी दाखवला असणार. परक्या मुलुखात कोणाही एकट्या माणसाला रान समजत नाही. माझा भेद दोघांचा होता, वर्णन करणारा आणि पाठवणारा. त्यात तिसरा राहून गेला. दाखवणारा. आणि मित्राचा प्रश्न मुळात याच तिसऱ्याचा होता. बोंड वेचणाऱ्याचे नाव कुठे आहे, हे तो विचारत होता. नावे पुसा हे त्यावरचे त्याने काढलेले उत्तर होते. प्रश्न खरा आहे, उत्तर खोटे.

कारण नावे पुसली तर दाखवणाऱ्याला ती जागा कधीच मिळणार नाही. अडीचशे वर्षे ती जागा डॉक्टरांनी, कलेक्टरांनी, साहेबांनी आणि त्यांच्या मित्रांनी वापरली. आता जिवांची नावे इथली माणसे इथल्या प्रयोगशाळांत बसून ठेवू लागली, आणि नेमके याच वेळी ती जागाच बंद करा असे म्हणणे मला मान्य नाही. कीटकांच्या सुमारे १० लाख जातींना आजवर नावे मिळाली आहेत, आणि अजून त्याच्या कितीतरी पट बिननावाच्या असाव्यात, असा अंदाज आहे. जागेची टंचाई नाही.

नाव ही क्षुल्लक गोष्ट आहे, असे महाराष्ट्रात तरी कोणी म्हणू नये. मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळात १९७८ मध्ये झाला आणि नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडला. त्या सोळा वर्षांत माणसे मेली, घरे जळाली. कोणाचे नाव कुठे लागते यावर कोणाची किती किंमत आहे ते ठरते, हे आपण फार मोठी किंमत मोजून शिकलो. म्हणून नोंदींच्या स्थैर्याचे आयोगाचे म्हणणे मला अर्धेच पटते. जुने नाव राहू दे. पण नवे नाव देताना हात कुणाकडे वळतो, हा स्थैर्याचा प्रश्न नाही, तो न्यायाचा आहे.

२०२१ मध्ये ठाणे-कल्याण भागातल्या एका उडी मारणाऱ्या कोळ्याला ‘इसियस तुकारामी’ नाव दिले, २६ नोव्हेंबरच्या हल्ल्यात कसाबला धरून ठेवणाऱ्या तुकाराम ओंबळे यांचे. कोळी हा कीटक नव्हे, आणि ओंबळ्यांनी तो दाखवला नव्हता. तरी मला ते नाव ऋणाचेच वाटते. एका शहराचे ऋण. म्हणजे ही रीत आपल्याला परकी राहिलेली नाही.

मित्राची शेवटची शंका मात्र गंभीर होती. “माह्या मायचं नाव तू किडीले देशीन काय?” आपल्याकडे हे टोचणार, हे मी नाकारत नाही. शास्त्रात कीड ही शिवी नसते, पण आईच्या नावाच्या बाबतीत शास्त्राने आपल्याला शिकवण्याची गरज नाही. म्हणून आधी विचारावे. आणि सगळेच किडे कपाशी खात नाहीत. अळ्या खाणाऱ्या गांधीलमाश्या आहेत, फुले फळवणाऱ्या माश्या आहेत, मेळघाटात नुसते आपल्या वाटेने जाणारे असंख्य भुंगे आहेत.

नियम तयारच आहेत. एका पुरुषाच्या नावाला ‘ई’ लागतो, एका स्त्रीच्या नावाला ‘ए’, पुरुषांच्या किंवा मिसळ समूहाला ‘ओरम’ आणि फक्त स्त्रियांच्या समूहाला ‘आरम’. नव्या जातीच्या निबंधात नाव कोणावरून ठेवले हे सांगणारा एक परिच्छेद असतो. त्यात गावाचे नाव लिहिता येते, कामाचे लिहिता येते, आडनाव नसलेल्या माणसाचीही ओळख देता येते.

अकोल्याच्या कृषी विद्यापीठात, अमरावतीच्या महाविद्यालयांत आणि मेळघाटाच्या रानात जे तरुण आज जाळी घेऊन हिंडतात त्यांना माझे मागणे आहे. पुढची नवी जात तुमच्या भिंगाखाली येईल तेव्हा ती तुम्हाला कोणी दाखवली ते आठवा. कोरकू वाटाड्या असेल, वनमजूर असेल, कपाशी वेचणारी बाई असेल. तिला विचारा, ती हो म्हणाली तर नावाचा दुसरा शब्द तिचा करा, आणि तो निबंध छापून आला की त्याची एक प्रत तिच्या घरी नेऊन द्या.