वांट्यास आलेलें आणि अंगीं असलेलें

मनुष्याच्या कर्तृत्वाचें मोल तें किती काळ टिकलें यावरून ठरवावें काय, हा प्रश्न जुना आहे. ॲरिस्टॉटलनें आपल्या नीतिशास्त्रांत सुखासाठीं पूर्ण आयुष्याची अट घातली. एखाद्या दिवसाच्या भाग्यावरून कोणी सुखी ठरत नाहीं, असें त्याचें म्हणणें. आमच्याकडे उलट उदाहरण तयारच असतें. १२९० सालीं ज्ञानेश्वरी पुरी झाली आणि १२९६ सालीं ज्ञानदेवांनीं समाधि घेतली. परंतु या उदाहरणानें प्रश्नाचा अवघड भाग सुटत नाहीं. ज्ञानदेवांचें आयुष्य अल्प होतें. कार्य अपुरें नव्हतें. ज्याचें कार्यच नुकतें कोठें सुरू होऊन थांबलें, त्याची योग्यता कशी ठरवावी?

या प्रश्नासाठीं आम्ही तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांपेक्षां क्रीडांगणाकडे वळतों; कारण तेथें कर्तृत्वाचा हिशेब आंकड्यांत लिहिलेला असतो. ऑगस्ट १९९७ मध्यें कोलंबो येथें मुंबईचे डावखुरे फिरकी गोलंदाज निलेश कुलकर्णी यांनीं कसोटी क्रिकेटमधील आपल्या पहिल्याच चेंडूवर मार्वन अटापट्टू यांस बाद केलें. असा पराक्रम करणारे ते पहिले भारतीय. पण पुढें सनथ जयसूर्या व रोशन महानामा यांनीं ५७६ धावांची भागी केली. दोन पूर्ण दिवस एकही गडी बाद झाला नाहीं. श्रीलंकेनें ६ बाद ९५२ धावा केल्या. कुलकर्णींच्या नांवावर ७० षटकें, १९५ धावा आणि गडी तोच एक! त्यांची सारी कसोटी कारकीर्द तीन सामन्यांची आणि दोन बळींची झाली.

याहूनही विलक्षण उदाहरण अमेरिकेंतील बेसबॉलचें आहे. १५ सप्टेंबर १९७१ रोजीं ह्यूस्टनच्या संघांतून लॅरी यौंट नांवाचा तरुण फेकणारा मैदानांत उतरला. सरावाचे चेंडू टाकतांनाच त्याचें कोपर दुखूं लागलें आणि तो परत फिरला. त्याचें नांव पुकारलें गेलें असल्यामुळें दप्तरांत एक सामना नोंदला गेला. पण त्या सर्वोच्च पातळीवर सामन्यांतील एकही चेंडू त्यानें कधीं टाकला नाहीं. त्याचा धाकटा बंधु रॉबिन मात्र त्याच खेळांत वीस हंगाम गाजला.

पहिल्या चेंडूवरील बळी हें कौशल्य कीं दैव? कांहीं कौशल्य, बरेंचसें दैव. मग पुढील एकूणसत्तर षटकांचें अपयश तरी केवळ अकौशल्य कसें म्हणावें? निर्जीव खेळपट्टी, रंगांत आलेले फलंदाज, हे गोलंदाजाच्या हातचे नव्हते. आम्हांस असें दिसतें कीं आंकडा एका प्रश्नाचें उत्तर देतो आणि आपण त्याजकडून दुसऱ्याच प्रश्नाचें उत्तर घेतों. मनुष्याच्या वांट्यास काय आलें, हें तो सांगतो. अंगीं काय होतें, हें नव्हे.

गोंदिया जिल्ह्यांत दरेकसा येथें डोंगरांतून हाजरा धबधबा कोसळतो. पावसाळ्यांत तो ओसंडतो, उन्हाळ्यांत क्षीण होतो. पण कड्याची उंची दोन्ही ऋतूंत तीच. पाणी पाहून कड्याची उंची कोणी मोजीत नाहीं. मनुष्याच्या बाबतींत मात्र आपण नेमकें हेंच करतों.

यावर कोणी म्हणेल, आंकडा नाकारला तर गुप्त योग्यतेचा दावा कोणीही करील आणि निवड करणें अशक्य होईल. आक्षेप योग्य आहे. परंतु दोष आंकड्याचा नाहीं, तुटपुंज्या आंकड्याचा आहे. मुंबईचेच डावखुरे फिरकी गोलंदाज पद्माकर शिवलकर यांनीं प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्यें ५८९ बळी घेतले. हा पुरावा भरपूर आहे. तरीही, बिशनसिंग बेदींच्या काळांत जन्मलेल्या या गोलंदाजास एकही कसोटी सामना लाभला नाहीं. २०१७ मध्यें सी. के. नायडू जीवनगौरव पुरस्कार मिळाला आणि २०२५ मध्यें त्यांचें निधन झालें. कसोटीचें दप्तर त्यांजविषयीं मुकें आहे. तें मुकें आहे एवढ्यावरून त्यांची योग्यता शून्य ठरत नाहीं. बेदींची निवड केली हा अन्याय नव्हे. जागा एकच होती. परंतु ज्याला जागा मिळाली नाहीं तो लहान होता, असें म्हणणें मात्र अन्यायच होय.

हा भेद केवळ खेळाडूंपुरता असता तर एवढें लिहिण्याचें कारण नव्हतें. एका परीक्षेवर, एका मुलाखतीवर, एका चांचणीवर आम्ही मुलांच्या जन्माचा निकाल लावतों. पुण्यामुंबईच्या मुलास दुसरी संधि, तिसरी संधि मिळते. पहिल्या दिवसाचा दोष पुढील दिवशीं धुवून निघतो. दरेकशाच्या मुलास बहुधा एकच दिवस मिळतो, आणि तो वाईट निघाला तर तोच त्याचा कायमचा दाखला होतो. दैव समान वांटणें कोणत्याही समाजास साधणार नाहीं. परंतु थोड्या पुराव्यावर मोठा निकाल न देणें, संधि अधिक देणें, आणि निवड करतांना न निवडलेल्यास हिणकस न म्हणणें, एवढें आपल्या हातीं आहे.

अवधीनें योग्यता वाढत नाहीं. तिला प्रगट होण्यास अवकाश मात्र मिळतो. म्हणून ज्याची कारकीर्द अल्प झाली त्याजविषयीं, हा कशास पात्र नव्हता, असें विचारण्यापूर्वीं, आपण याला किती अवकाश दिला, असें विचारणें अधिक न्याय्य होय. पहिल्या प्रश्नाचें उत्तर खेळाडूनें द्यावयाचें असतें, दुसऱ्याचें आपण.