थिजलेला घोडा

पांढरा घोडा भरधाव चाललाय, मागे बग्गीत बायका बसल्यात, आणि एकदम सगळं थिजतं. थोड्याच वेळात दिसते टेबलापाशी बसलेली एक बाई, हाताशी कात्री आणि फिल्मच्या पट्ट्या. मघाची धावती माणसं त्या पट्ट्यांवरच्या बारक्या चौकटींत निमूट बसलेली. ही येलिझावेता स्विलोव्हा. झिगा व्हेर्तोव्हची बायको आणि त्याच्या १९२९ सालच्या 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा'ची संकलक. ती पट्टी निरखते, जोडते आणि थिजलेलं पोर पडद्यावर पुन्हा हसायला लागतं.

शहराची लय रस्त्यावर असते, असं आपण धरून चालतो. पण व्हेर्तोव्हच्या चित्रपटातलं शहर नकाशावर सापडायचं नाही. मॉस्को, कीव्ह, ओडेसा इथले तुकडे जोडून ते उभं केलंय. योरिस इव्हेन्सने मानुस फ्रांकेनसोबत त्याच साली केलेला 'रेन'ही तसाच. ॲम्स्टरडॅमवर एक सर येते, कालव्यात थेंब नाचतात, छत्र्या उघडतात, बारा-एक मिनिटांत उघडीप. ती एक सर टिपायला कित्येक महिने लागले होते. याला लबाडी म्हणावं? मला नाही वाटत. मुंबईकराला 'त्या दिवशीचा पाऊस' सांगायला लावा, तोही तीन-चार पावसाळे बेमालूम एकत्र करतो.

माझी तक्रार आहे ती वॉल्टर रुटमानच्या 'बर्लिन'बद्दल. १९२७ सालचा हा चित्रपट देखणा आहे, वादच नाही. पहाटे पाचचं घड्याळ दिसतं आणि शहर जणू आपोआप सुरू होतं. माणसं त्या यंत्राची दातेरी चाकं. चावी कोण देतंय, ते मात्र दिसत नाही. व्हेर्तोव्ह चावी देणारे हात दाखवतो. शिवणारे हात, सिगारेटची पाकिटं भरणारे हात, आणि त्यांच्याच रांगेत फिल्म जोडणारे स्विलोव्हाचे हात. संकलन हीसुद्धा मजुरीच, असं तो एकही पाटी न लावता सांगतो.

मणी कौलचा 'अरायव्हल' मला या रांगेत बसवावासा वाटतो. १९८० साली फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला हा लघुपट मुंबईचा आहे. शहरात येणारी फळं-भाज्या, कत्तलीसाठी आणलेली जनावरं आणि पोटासाठी आलेली माणसं त्यात एकाच स्थिर नजरेने दिसतात. समजावून सांगायला निवेदक नाही. त्यामुळे उतरणारा माल कोणता आणि माणूस कोणता, ते ज्याचं त्यानेच बघायचं.